माडीवरच्या साहेबाचं मरण

आमच्या घरी विलायतेचा नट राहायला आला तो माझ्या नशिबानं नाही, कमोडच्या नशिबानं. आमच्या ह्यांचे गुडघे गेले तेव्हा लेकानं नांदेडहून मिस्त्री आणून कमोड बसवला, आणि बसवला कुठं, तर माडीवर. खाली जागा नव्हती म्हणे. आता ज्या माणसाला जिना चढवत नाही, त्याच्यासाठी माडीवर कमोड. हे एकदाच वर गेले, उद्घाटनाला म्हणा हवं तर, आणि उतरताना दोघांनी धरून आणावं लागलं. तेव्हापासून ती खोली, तो कमोड आणि त्याच्या जोडीचा गिझर, सगळं कोरं करकरीत पडून होतं. अख्ख्या कंधारला हे ठाऊक होतं, कारण आमच्या दुकानी कापड घ्यायला येणारा प्रत्येक जण आधी गुडघ्यांची चौकशी करायचा आणि मग कमोडची.

तर किल्ल्यात शूटिंग आलं. मोबाईलवर येतात तशी मालिका, निजामाच्या काळातली. पटकीची साथ येते, गावातले मोठे मोठे लोक पळून जातात आणि एक इंग्रज डॉक्टर मागं राहून लोकांना औषधपाणी करतो, अशी गोष्ट. त्या डॉक्टरचं काम करायला खरा इंग्रज आणला होता. वय सत्तरीचं. लॉजवर त्याला एका रात्रीत कळलं की इथं बसायला खुर्ची नाही, उकिडवं बसावं लागतं. सकाळी त्यांचा मॅनेजर चहाच्या हॉटेलात विचारत बसला, गावात कुणाकडं इंग्लिश संडास आहे का. साऱ्या हॉटेलानं आमच्या घराकडं बोट केलं.

असा तो आला. पुढं सगळीकडं मी त्याला 'तो'च म्हणणार आहे, एवढ्या मोठ्या माणसाला अरेतुरे कामून करते म्हणून कुणी रागवू नका. नातंच तसं झालं.

घरात तेव्हा माझी सून होती. नांदेडला कॉलेजात इंग्रजी शिकवते, दिवाळीची सुट्टी होती. आणि लेकीला भेटायला म्हणून बिलोलीहून तिची आई, म्हणजे माझ्या विहीणबाई आलेल्या. दोन दिवसांसाठी आल्या होत्या. गोरा साहेब माडीवर राहणार म्हटल्यावर भरलेली पिशवी त्यांनी परत रिकामी केली. "लेकरू एकटं पडंल हो, दोन भाषा बोलून बोलून तिचं तोंड दुखंल," म्हणाल्या. लेकीचं तोंड दुखू नये म्हणून त्या पंधरवडा राहिल्या आणि स्वतःचं तोंड एक मिनिट बंद केलं नाही.

पहिल्या सकाळी मी सुशीला केला. आमच्याकडं भिजवलेल्या मुरमुऱ्यांना फोडणी देऊन करतात तो नाश्ता. साहेब खाली आला, हात जोडले, बसला आणि एक एक मुरमुरा उचलून खायला लागला. एक मुरमुरा, मग दोन शब्द, मग चमचा खाली. मला वाटलं, गेलं, आवडलं नाही. विहीणबाई कानात म्हणाल्या, "तिखट जास्त झालं तुमचं. नेहमीच होतं." सुनेनं विचारलं तेव्हा कळलं, आवडलं नाही असं नव्हतं, ती सवय होती. सिनेमात जेवायचा सीन असला की नवखा नट पहिल्याच खेपेला पोटभर हाणतो. मग तोच सीन परत, आणखी परत, दुपारपर्यंत त्याला मटण बघून मळमळतं. जुना नट घास हातात धरतो, बोलतो, आणि कुणाचं लक्ष नाही असं बघून ठेवून देतो. उभा जन्म असं जेवून जेवून त्याला आता घरीसुद्धा पोटभर जेवता येत नव्हतं. मी म्हटलं, इथं कॅमेरा नाही, खा बापा. तेव्हा कुठं त्यानं दुसऱ्यांदा घेतला, आणि मी विहीणबाईंकडं बघितलं.

रोज नाश्त्याला त्याच्या कामांच्या गोष्टी निघायच्या. हिरो तो कधीच नव्हता. व्हिलनही नाही. लग्नात नवरीच्या मागं कऱ्हा दिवा धरून करवली उभी असते बघा, सगळ्या फोटोत असते आणि सगळ्या फोटोत अर्धी कापलेली असते, तसं त्याचं काम. दार वाजवून आत येणारा पोलीस. चर्चमध्ये अंगठीची वाट बघत उभा राहिलेला पाद्री, आणि नवरी पळून गेलेली. ताट घेऊन येणारा नोकर. राणीच्या मागं चालणारा, तोंड न दिसणारा दरबारी. दवाखान्याची एक मालिका तिकडं वर्षानुवर्षं चालते म्हणे, तिच्यात तो आधी कावीळवाला पेशंट होता, मग पाय मोडलेला, मग पेशंटचा भाऊ आणि शेवटी डॉक्टर. कुणाच्याही ध्यानात आलं नाही.

"एका मालिकेत तर हे नुसते फोटोत होते," सून म्हणाली. "बाईचा मेलेला नवरा. भिंतीवरचा फोटो."

"हार घातला होता का?" मी विचारलं.

तिनं त्याला विचारलं. हार नव्हता.

"मग मेला म्हणून लोकांना कळलं कसं?" विहीणबाई म्हणाल्या. "फोटो तर जित्याचा बी राहतो."

हे सुनेनं इंग्रजीत सांगितलं तसा तो किती वेळ हसला. म्हणाला, अगदी बरोबर, पुष्कळांना कळलंच नाही, ते शेवटपर्यंत मी परत यायची वाट बघत होते.

त्याच्या मुलखात बाजारात लोक त्याला थांबवतात. तोंड ओळखीचं वाटतं, पण कुठलं ते सुधरत नाही. तुम्ही आमच्या मुलाचे गणिताचे सर ना, असं म्हणतात. आधी तो नाही म्हणायचा, मग माणूस खट्टू व्हायचा. आता सरळ हो म्हणतो आणि मुलगा कसा आहे विचारतो. एका बाईनं तर त्याला नळ दुरुस्त करणारा समजून भर दुकानात झापलं, की तुम्ही बसवलेला नळ अजून गळतोय. त्यानं माफी मागितली. एवढा साधा माणूस. आमच्या ओसरीवर सगळ्यांनी फोटो काढायचा ठरवला, तर हा आपण होऊन कडेला जाऊन उभा राहिला, अर्धा खांबामागं. मी हाताला धरून मधे आणला. हाताला धरलं आणि सुनेला म्हटलं, ह्याला सांग, मला मॅडम म्हणू नको, अक्का म्हण. माझं माहेर निलंग्याकडचं, तिथं कानडीच्या शेजारामुळं थोरल्या बहिणीला आम्ही अक्काच म्हणतो. तो माझ्याहून मोठा असेल नसेल, कोण जन्मदाखला बघायला बसलंय. त्याला 'अक्का' लगेच जमलं.

आता मुद्द्याचं. एका सकाळी तो फार खुशीत खाली आला. भांग काढलेला, चेहरा फुललेला. सुनेशी काहीतरी बोलला, आणि सून आमच्याकडं वळून म्हणाली, "म्हणतात, या गुरुवारी मी मरणार. फार आनंद झालाय."

माझ्या हातातला झारा तसाच राहिला. विहीणबाईंनी महादेवाचं नाव घेतलं.

मग नीट उलगडा झाला. इतकी वर्षं काम केलं पण कॅमेऱ्यासमोर त्याला कुणी मरूच दिलं नव्हतं. छोट्या नटाला मरण मिळत नाही. मोठा नट मरतो तेव्हा बाजा वाजतो, पाऊस पडतो, दहा मिनिटं बोलतो आणि मग डोळे मिटतो. छोटा नट आत कुठंतरी मरतो आणि कुणीतरी दारात येऊन सांगतं, तो गेला. त्यातही दारात येऊन सांगायचं काम त्यानं स्वतः लई वेळा केलं होतं. दुसऱ्यांची मरणं सांगता सांगता म्हातारा झाला. आता पहिल्यांदा एक अख्खं मरण त्याच्या वाट्याला आलं होतं. खाट, खिडकी, शेवटचे दोन शब्द आणि भोवती रडणारं गाव. ह्यानंतर तो काम सोडणार होता. "हे एवढं झालं की घरी बसेन," म्हणाला.

पण त्यातही मेख होती. किल्ल्यातल्या ज्या खोलीत मरायचं होतं तिथं खिडकीतून ऊन येतं ते दुपारनंतर थोडा वेळच. आणि शुक्रवारी सगळा बाडबिस्तरा दुसऱ्या गावी जाणार. मुंबईहून मोठ्या लोकांचे डायरेक्टरला फोनवर फोन, की सीन लांबलाय, गुरुवारी जमला तर जमला, नाहीतर काढून टाका आणि एक माणूस दारात येऊन सांगेल, डॉक्टर गेले.

हे सांगताना त्याचा चेहरा असा झाला की मी म्हटलं, काही झालं तरी ह्याला मरायला मिळालं पाहिजे.

आणि बघा, बुधवारी संध्याकाळी डायरेक्टर आमच्याच दारात. पोरगेलासा, पुण्याकडचा, टोपी उलटी. रडायला हैदराबादेहून ज्या बाया आणल्या होत्या त्या डोळ्यात औषध घालून सिरियलसारख्या मुळूमुळू रडायच्या. "मावशी, मला इथलं रडणं पाहिजे. खरं," म्हणाला. मी म्हटलं, जिम्मा माझा. आमच्या बचत गटाच्या बाया जमवते. आणि माझ्या विहीणबाई आहेत, त्यांच्यासारखं रडणारं बिलोली तालुक्यात कुणी नाही.

विहीणबाई तिथल्या तिथं म्हणाल्या, "मी येईन बघायला. रडणार न्हाई."

त्यावर मी जोर केला नाही. एकेकाळी कुणाच्याही मयतीला बाया विहीणबाईंची वाट बघत थांबायच्या. ह्यांनी पहिला सूर लावायचा, मग बाकीच्यांनी. पण करोनात ह्यांचा धाकटा भाऊ नांदेडला दवाखान्यात गेला. तेव्हाचा नियम तसाच होता, बांधून परस्पर नेलं, घरच्यांना तोंड दिसलं नाही. ह्या बिलोलीत दार लावून बसलेल्या. कुणाच्या गळ्यात पडून रडायचं. पुढं सगळं सुरू झालं, मयती सुरू झाल्या, पण ह्या कुणाच्या मयतीला गेल्या तरी मागं बसायच्या, पदर तोंडाला लावून, आवाज न करता.

गुरुवारी आम्ही सगळ्या किल्ल्यात. नऊवारी नेसवल्या, कपाळं पुसायला निघाले तर बायांनी हात धरले, नवरा जिता आहे, कुंकू राहू दे. राहिलं. आत खाटेवर हा पांढऱ्या चादरीत, तोंडाला पावडर, आधीच निम्मा मेलेला.

पहिली अडचण लगेच आली. बचत गटाची अध्यक्षीण डायरेक्टरला म्हणाली, "बापू, हा आमचा कोण लागतो?"

"डॉक्टर आहे, आज्जी. गावाचा डॉक्टर."

"ते झालं. पण नातं काय? भावा म्हणू, मामा म्हणू, का दाजी म्हणू? काय म्हणून रडू?"

"नुसतं रडा ना."

"नुसतं लेकरू रडतं," ती म्हणाली.

खरंच आहे. आमच्यात नाव घेतल्याशिवाय, नातं लावल्याशिवाय, त्यानं काय काय केलं ते सांगितल्याशिवाय रडणं येत नाही. शेवटी मी पुढं झाले. म्हटलं, माझ्या घरी राहिला, माझ्या हातचं खाल्लं, मला अक्का म्हणतो. माझा भाऊ आहे. तुम्ही सगळ्या माझ्या जावा नणंदा धरा आणि त्या हिशोबानं रडा. हे सर्वांना पटलं. फक्त विहीणबाई मागून म्हणाल्या, "तुमचा भाऊ म्हणजे आमचा व्याही. व्याह्याला रडत न्हाईत, व्याह्याची थट्टा करतात."

मग दुसरी अडचण. एक म्हणाली पाय दक्षिणेला पाहिजेत. खाट फिरवली तर खिडकी डोक्यामागं गेली. तेवढ्यात आमच्यातल्याच दोघी म्हणाल्या, आपल्यात झोपवत न्हाईत, बसवतात, बसवून फुलं वाहतात. कारण आम्ही लिंगायत, आमच्यात मेलेल्या माणसाला बसतं करून नेतात. बाकीच्या म्हणाल्या, आमच्यात झोपवतात. डायरेक्टर म्हणाला, तो ख्रिश्चन आहे. अध्यक्षीण म्हणाली, असंल, पण भाऊ कुणाचा आहे? चांगलीच जुंपली. साहेबानं एक डोळा उघडून सुनेला विचारलं, काय चाललंय. ती म्हणाली, तुम्हाला बसवायचं का झोपवायचं, यावर वाद आहे.

तो म्हणाला, "उजेड जिथं चांगला पडेल तसं करा."

झोपवलं.

खिडकीत ऊन यायच्या आधी जमेल तेवढं रडणं घेऊन ठेवायचं होतं. पहिल्या खेपेला तो फार छान मेला. शेवटचे शब्द बोलला, मान एका बाजूला, हात खाटेवरून खाली. आता आम्ही रडायचं. आणि नेमका त्याच्या पायाचा अंगठा हलला. एकीनं पाहिलं, दुसरीला कोपर मारलं, आणि पदराआड खांदे गदागदा हलायला लागले. डायरेक्टरला आधी वाटलं काय सुंदर रडून राहिल्यात. मग आवाज फुटला. कट.

कट झाल्या झाल्या अध्यक्षिणीनं पदराच्या गाठीतला भाकरीचा तुकडा सोडला, साहेबावरून ओवाळला आणि खिडकीबाहेर टाकला. जित्या माणसाला मेलेलं केलं, नजर उतरवायला नको? पुढं प्रत्येक कटला हे झालं. डायरेक्टर घड्याळ बघायचा आणि ती तुकडा मोडायची. खाली किल्ल्यात कुत्री जमली.

दुसऱ्या खेपेला मीच सूर लावला. भाऊ माझा, मान माझा. डोळे मिटले, तो गेल्यावर माडी कशी दिसेल ते मनात आणलं, आणि आपोआप आलं. "माझ्या भावा रं, कुठं निघालास रं, माडीवरची खोली सुनी केलीस रं, गिझरचं पाणी आता कुणासाठी तापवू रं." मागून बायांनी उचलून धरलं. खरं पाणी आलं डोळ्यांना, माझ्याच काय, त्या टोपीवाल्या पोराच्या मदतनीस पोरीच्यासुद्धा.

"कट. मावशी, निजामाच्या काळात गिझर नव्हता."

"मग काय होतं?"

"बंब म्हणा."

"बंबाचं पाणी त्यानं कधी घेतलंच न्हाई. खोटं कसं रडू?"

तरी मी म्हटलं, बघते. तिसऱ्या खेपेला गिझर टाळला आणि मोबाईलचा चार्जर आला. तो बिचारा रोज चार्जर खाली विसरायचा आणि मी नेऊन द्यायची, तेच आठवलं. आणि एकदा लागलेलं रडणं कट म्हटल्यावर थांबत नसतं. डायरेक्टर कट कट म्हणतोय आणि आम्ही गळ्यात गळे घालून चाललोय. आमच्यात रडणारी आपण होऊन गप बसत नाही, दुसरीनं येऊन पाणी पाजावं लागतं, पुरे बाई म्हणावं लागतं. ते त्या लोकांना माहीत नाही. शेवटी विहीणबाईंनी तांब्या फिरवला.

मग जेवणाची सुट्टी. ताटं मांडलेली. एकही बाई हात लावीना. मयतीत रडलेलं अंग, आंघोळीशिवाय घास कसा गिळायचा? मॅनेजर म्हणाला, मयत खोटी आहे. अध्यक्षीण म्हणाली, रडणं खरं होतं. त्यांचा पाण्याचा टँकर उभा होता, त्याच्याआड साड्या धरून आम्ही भडाभडा पाणी घेतलं. जेवून परत आलो तर डायरेक्टर आमच्या केसांकडं बघतच राहिला. सकाळी मेला तेव्हा सगळ्यांचे केस कोरडे आणि आता ओले. विलायती पंखा लावून आमचे केस वाळवत बसले. बाहेर ऊन सरकत होतं आणि हा चादरीत पडल्या पडल्या खिडकीकडं बघत होता. मला त्याचे हात दिसत होते, चादर घट्ट धरलेली.

"एकच वेळ होईल आता," डायरेक्टर म्हणाला. आवाज बसला होता त्याचा.

खिडकीतलं ऊन खाटेच्या कडेवर आलेलं. तो मेला. मी सूर लावायला तोंड उघडलं आणि काहीच येईना. गिझर नको, चार्जर नको, करता करता रडायला काही उरलंच नाही. आणि मागून आवाज उठला.

"एकटा गेलास रं माझ्या भावा. पाणी पाजायला कुणी न्हवतं रं. उशाला बहीण न्हवती रं. दार लावून बसले रं मी, तुझं तोंड बघितलं न्हाई रं."

विहीणबाई उठून पुढं आल्या त्या सरळ खाटेपाशी. कुणाला विचारलं नाही, कुठं उभं राहायचं ते बघितलं नाही. त्याचं डोकं दोन्ही हातांत धरलं. आमच्यापैकी कुणाला मग कॅमेरा दिसला नाही. मी त्यांच्या पाठीवर डोकं टेकून रडले, आणि कोणासाठी ते विचारू नका, त्यांच्या भावाला मी वाढलं होतं, लेकाच्या लग्नात.

आणि साहेबाच्या मिटलेल्या डोळ्यातून पाणी आलं. कानाकडं सरळ ओघळ. मेलेल्या माणसाच्या. मी बघितलं, कॅमेऱ्यानं बघितलंच असणार. विहीणबाईंनी रडता रडता पदरानं ते पुसलं आणि रडत राहिल्या. ऊन खाटेवरून उतरून भिंतीवर गेलं.

कट कुणी म्हणालं का मला आठवत नाही. सुनेनं आईला पाणी पाजलं. डायरेक्टर आपल्या छोट्या टीव्हीपुढं टोपी हातात घेऊन बसला होता, बरं नाही म्हणाला, वाईट नाही म्हणाला. साहेब उठून बसला आणि सुनेला एवढंच विचारलं, "मी रडलो ना?"

ती हो म्हणाली.

त्या संध्याकाळी तो जेवला नाही, आणि ह्या वेळी ती सवय नव्हती. म्हणाला, इतकी वर्षं थांबलो, आणि मरण मिळालं तर मला नीट मेलेलं राहता आलं नाही. विहीणबाई त्याच्या ताटात भाकरी वाढत म्हणाल्या, "मेल्या माणसाच्या डोळ्याला पाणी येतं. माझ्या सासऱ्याच्या आलं होतं. पुसायचं राहतं, म्हणून मी पुसलं." सुनेनं सांगितलं तसं त्यानं त्यांच्याकडं बघितलं आणि भाकरीचा एक तुकडा मोडला. पण त्याला दारातला माणूसच दिसत होता, ते कळत होतं. सकाळी गाडी आली आणि तो गेला. निघताना अक्का म्हणाला मला. विहीणबाईंना काय म्हणावं त्याला सुधरेना, नुसते हात जोडले.

मालिका आली ती उन्हाळ्यात. आम्ही नांदेडला लेकाकडं जमलो, हे खुर्चीत, विहीणबाई नवी साडी नेसून. अख्ख्या बिलोलीला सांगून आल्या होत्या. दुपारची वेळ, कूलर घरघरतोय. डॉक्टर औषधं देतोय, डॉक्टर आजारी पडतोय, आम्ही सगळ्या पुढं सरकलेल्या. आणि दार उघडलं आणि एक पागोटेवाला आत येऊन म्हणाला, "डॉक्टरसाहेब गेले."

मग विहीणबाईंनी त्या पागोटेवाल्याच्या सात पिढ्या काढल्या. त्या अजून तिसऱ्या पिढीवर होत्या तेवढ्यात सून म्हणाली, "आई, थांब."

पडद्यावर ती खोली होती. तो माणूस सांगतोय आणि इकडं ते घडलेलं दिसतंय, असं केलं होतं त्यांनी. खाट, खिडकी, शेवटचे शब्द. मान कलली. सबंध मरण. मग विहीणबाईंचा आवाज आणि त्याचा चेहरा, पडदाभर, कडेला नाही, अर्धा नाही. मिटल्या डोळ्यातून ते पाणी आलं आणि एका बाईचा हात आला, हिरव्या बांगड्यांचा, पदरानं पुसून गेला.

"माझं तोंड कुठंय?" विहीणबाई म्हणाल्या.

"हात आहे ना," मी म्हटलं.

"हातच? बिलोलीला काय सांगू, हात बघा म्हणून?"

"माझी तर पाठ आहे," मी म्हटलं. "आणि ती पण विहीणबाई, तुमच्या मागं."

सुनेनं साहेबाला व्हिडिओ कॉल लावला. तिकडं सकाळ होती, अंगात स्वेटर, हातात चहा. बघितलं का विचारलं तर म्हणाला, नाही. तो आपलं काम बघतच नाही. आधी बघायचा, घरच्यांना सगळ्यांना घेऊन बसायचा, आणि निम्म्या वेळा त्यात तो नसायचाच. मग घरच्यांनी चहा करायला उठायचं आणि ह्यानं टीव्हीकडं बघत राहायचं. ते नको म्हणून बंद केलं. "दारात माणूस आला ना?" त्यानं विचारलं.

"आला," सून म्हणाली. "तरी बघा."

तिनं फोन टीव्हीपुढं धरला. आम्हाला टीव्हीवर तो मरताना दिसत होता आणि फोनवर तो बघताना. चहाचा कप तसाच छातीशी. संपलं तरी तो हलेना. मला वाटलं फोन अडकला.

विहीणबाईंनी सुनेच्या हातातून फोन घेतला, तोंडाजवळ धरला, इतका की तिकडं त्याला नुसतं नाक दिसत असणार.

"चांगला मेलास रं भावा," म्हणाल्या. "लई चांगला मेलास."

सून इंग्रजीत सांगायला लागली तर त्यानं हातानंच राहू दे म्हटलं. कप खाली ठेवला, चष्मा पुसला. मग सुनेला म्हणाला, परत एकदा दाखवाल का, पहिल्यापासून.

त्याला रडणं नीट ऐकू यावं म्हणून मी उठून कूलर बंद केला.